सासूबाईंचा रकाना

दादांचा अर्ज बाद झाला तेव्हा मी मीराला पाजत होते.

निवडणूक कार्यालयाच्या आवारात, आमच्याच गाडीच्या मागच्या सीटवर, काचेला टॉवेल अडकवून. छाननी अकराला सुरू झाली होती आणि आत माझं काही काम नव्हतं. डमीला काम नसतंच. मोठ्या उमेदवाराचा अर्ज काही कारणाने उडाला तर पक्ष उघडा पडू नये, म्हणून घरातल्याच कुणाचा तरी अर्ज सोबत भरून ठेवतात. मूळ अर्ज मंजूर झाला की डमीचा आपोआप गळतो. माझे सासरे, बाळा चिंदरकर, म्हणजेच दादा, सात वेळा विधानसभा लढले आणि सहा वेळा निवडून आले. साती वेळा माझ्या सासूबाई डमी होत्या. त्या गेल्या श्रावणात गेल्या. म्हणून यंदा मी.

नितेशने काचेवर टकटक केली. नितेश म्हणजे दादांचा पीए, बारा वर्षांपासूनचा.

"वहिनी, बाहेर या. पटकन."

"पाजतेय रे."

"वहिनी, दादांचा उडाला."

"काय उडालं?"

"अर्ज. बाद झाला. आणि तुमचा मंजूर." त्याचा आवाज असा की जणू मीच त्याच्या कानाखाली वाजवली होती. "तुम्ही उमेदवार झालात, वहिनी."

मी मीराला तशीच खांद्याला लावून आत गेले. ब्लाऊजची दोन बटणं उघडी होती, पदर पुरत नव्हता, आणि एवढ्या माणसांत मला त्याची लाज वाटायलाही सुचलं नाही. निवडणूक अधिकारी तरुण होते, शांत होते. टेबलावर दादांचं प्रतिज्ञापत्र उघडं होतं. त्यांनी पेन्सिलीचं टोक एका जागी ठेवलं होतं.

"मालमत्तेच्या तक्त्यात पती किंवा पत्नीचा रकाना कोरा आहे. कोरा रकाना चालत नाही, मॅडम. काही नसेल तर 'निरंक' किंवा 'लागू नाही' लिहावं लागतं."

"मग आत्ता लिहितो ना!" नितेश म्हणाला. "एक शब्द आहे, साहेब!"

"आता नाही. परवा अर्ज घेतानाच आम्ही लेखी नोटीस दिली होती. छाननी सुरू होण्यापूर्वी नवीन प्रतिज्ञापत्र आणा, असं त्यात स्पष्ट आहे. ही पोच. ही आमदारसाहेबांची सही."

सगळे दादांकडे वळले. ते खुर्चीत ताठ बसले होते. पांढरा सदरा, खिशाला पेन. चेहऱ्यावर काही नव्हतं. विरोधी उमेदवाराचा वकीलसुद्धा क्षणभर गोंधळला. भांडणाच्या तयारीने आलेल्या माणसाला समोर दार सताड उघडं मिळावं, तसं झालं त्याचं.

"दादा," नितेश अगदी हळू म्हणाला, "नोटीस मिळाली होती तुम्हाला?"

"मिळाली होती," दादा म्हणाले. आणि उठले.

*

आता माझी चूक सांगते.

आमच्याकडे प्रतिज्ञापत्र हाताने भरायची पद्धत. सासूबाईंचीच ती. अक्षर मोत्यासारखं, आणि एकेक रकाना त्या भाजी निवडावी तसा निवडून भरायच्या. यंदा नितेश म्हणाला, टाईप करून घेऊ. दादा म्हणाले, "नको. अक्षताच्या हातानं होऊ दे." मला बरं वाटलं. मी दुपारी मीरा झोपली की बसायचे, आईंनी मागच्या वेळी भरलेली प्रत शेजारी ठेवून. त्यांच्या अक्षरावरून उतरवत गेले. 'शिक्षण: जुनी नववी.' उतरवलं. गाडीचा नंबर उतरवला. आणि तक्त्यात दुसरा रकाना आला: पत्नी. मागच्या प्रतीत तिथे 'सौ. रत्नप्रभा बाळा चिंदरकर' होतं आणि खाली त्यांच्या चार बांगड्या, मंगळसूत्र, पोस्टातलं खातं.

तिथे आता 'निरंक' लिहायचं.

मला कळत होतं, तो नुसता सरकारी शब्द आहे. मी स्वतःच्या फॉर्ममध्ये तो वीस वेळा लिहिला. पण आईंच्या जागेवर माझ्या हाताने निरंक? ज्या बाईने मला बाळंतपणात शेवटचे डिंकाचे लाडू वळून खाऊ घातले आणि महिन्याभरात गेली, ती निरंक? मी पेन उचललं, ठेवलं. वाटलं, काहीतरी बरा शब्द नितेशला विचारू. तेवढ्यात मीरा उठली, आणि तो रकाना तसाच राहिला. आमच्या वकिलांनी आकड्यांची पानं तपासली. कोऱ्या जागेत आकडे नव्हते.

अर्ज भरला त्या दिवशी आम्हा दोघांनाही कार्यालयातून एकेक कागद मिळाला होता. माझ्यावर होतं, सर्व रकाने भरले आहेत. दादांच्या हातातही तसाच कागद दिसला. मी धरून चालले की तोच असणार. मीरा बाहेर नितेशच्या कडेवर रडून लाल झाली होती. मी पळाले.

छाननीहून घरी आल्याबरोबर मी हे यज्ञेशला, माझ्या नवऱ्याला, सांगितलं. तो चकल्यांचा डबा हातात धरून उभाच राहिला.

"रकाना तू सोडलास, ठीक आहे. माणूस आहे, चुकतं. पण नोटीस? नोटीस बाबांनी खिशात का घातली?"

"विसरले असतील."

"बाबा? दहा हजार माणसांचे खोली नंबर पाठ आहेत त्यांना. कुणाच्या पोरीला कुठल्या शाळेत ॲडमिशन मिळवून दिली ते सालासकट सांगतात." त्याने डबा खाली ठेवला. "अक्षता, देवेशने काय स्टेटस टाकलंय बघ."

देवेश म्हणजे पक्षाचा आमच्या भागाचा प्रमुख. पंचवीस वर्षं दादांच्या मागे घाटकोपरचा डोंगर चढला-उतरला आणि या वेळी तिकीट आपल्याला मिळेल म्हणून वाट बघत होता. त्याने लिहिलं होतं: 'तिकीट मागून मिळत नाही म्हणून नोटीस खिशात. सुनेसाठी काय काय करतात लोक. जय हो.'

खाली दोनशे माणसं हसली होती.

*

दुसऱ्या दिवशी नरकचतुर्दशी. पहाटेची आंघोळ झाली, बिल्डिंगमध्ये फटाके वाजून धूर बसला. दादा खिडकीपाशी खुर्चीत होते, मांडीवर मीरा. मीराला त्यांच्या चष्म्याची काडी चावायला आवडते. ते चावू देतात.

पक्षाने एक निवेदन पाठवलं होतं, दादांनी वाचून सही करावी म्हणून. नितेशने छापून डायनिंग टेबलावर ठेवलं होतं. मी एका हाताने पोह्यांना फोडणी देत होते. दुसऱ्या हाताने कागद उचलून दादांना दिला. "दादा, हे बघून घ्या. पक्षाचं आहे. दुपारी पेपरवाल्यांना द्यायचंय."

त्यांनी मीराच्या तोंडातून चष्मा काढून पुसला, डोळ्यांवर चढवला. कागद धरला. बराच वेळ. गॅस बंद करून मी आले तरी बघतच होते. मग कागद माझ्याकडे दिला.

"बरोबर लिहिलंय. फक्त भाषा जरा मऊ करा म्हणावं."

मी कागद हातात घेतला. वर मोठ्या अक्षरात होतं: 'सहा महिन्यांनंतर बाळाचा वरचा आहार.' आरोग्य केंद्रातून मिळालेला. नाचणीची सत्त्वाची पेज. कुस्करलेलं केळं. मीठ-साखर वर्षभर नको. निवेदन टेबलावरच होतं, पोह्यांच्या डब्याखाली.

मला हसू आलं. खरंच, पहिल्यांदा हसूच आलं. मी तोंड उघडलं, "अहो दादा, हा तर..." आणि थांबले.

कारण ते हसत नव्हते. ते माझ्या चेहऱ्याकडे बघत होते, आणि त्यांना कळलं होतं की काहीतरी चुकलंय. फक्त काय चुकलंय ते कळत नव्हतं. ते माझ्या चेहऱ्यावर शोधत होते. कागदावर नाही.

"काय आहे तो?" त्यांनी विचारलं.

मी वाचून दाखवलं. "बाळाला दिवसातून तीन वेळा मऊ भात..." एवढंच.

खालच्या चौकात कुणीतरी लवंगी माळ लावली. मीरा दचकली आणि त्यांच्या सदऱ्याला बिलगली. त्यांनी तिच्या पाठीवर हात ठेवला. माझ्याशी ते नेहमी शुद्ध बोलतात, सभेतल्यासारखं. आता एकदम मालवणीत आले.

"माका वाचूक येणा नाय, गो."

मी खाली बसले. खुर्चीवर नाही, फरशीवर.

"दुसरीत होतंय तेव्हा काकान मुंबयक आणलो. खानावळीत भांडी घासूक. सही रत्नान शिकवलेली. ती माझ्यासाठी चित्र आसा, गो. अक्षरा नाय."

"म्हणजे... काहीच? पाटीसुद्धा नाही? बसचा नंबर?"

"आकडे येतत. आकड्यांवर तर चाललंय."

ते बोलत होते आणि माझ्या डोक्यात एकामागून एक दिवे लागत होते. लागत म्हणजे काय, फुटत होते. ऑफिसात माणूस अर्ज घेऊन आला की दादा म्हणायचे, कागद राहू दे, तोंडानं सांग. सगळा मतदारसंघ कौतुक करायचा: दादा कागद बघत नाहीत, माणूस बघतात. विधानसभेत कधी हातात चिठ्ठी नाही. सासूबाई नारळ खवताखवता प्रश्न वाचायच्या, 'हे खरे आहे काय, असल्यास कोणती कार्यवाही केली', आणि दादा भिंतीला टेकून ऐकायचे. मी लग्न होऊन आले तेव्हा मला वाटलं, किती गोड आहेत दोघं. आमदारकीची शपथ सहा वेळा, सहाही वेळा तोंडपाठ. दोनदा राज्यमंत्रिपद चालून आलं, दोनदा नाही म्हणाले. त्यावर तर मोठा सत्कार झाला होता, 'निरिच्छ लोकसेवक' म्हणून. मंत्र्याला फायलींवर शेरे लिहावे लागतात.

आणि यज्ञेश सांगतो ती घरातली जुनी गंमत. बाबांनी प्रगतिपुस्तक कितीही वेळ बघितलं तरी शेवटी म्हणायचे, "गणितात लक्ष दे." गणितात सर्वांत जास्त मार्क असले तरी.

"यज्ञेशला माहीत आहे?"

"नाय. तिका सोडून कोणाक नाय." मग पुन्हा शुद्धवर आले, जणू सदऱ्याचं बटण लावलं. "पहिल्या निवडणुकीत समोरचा माझी टिंगल करायचा, अंगठेबहाद्दर म्हणून. त्याला माहीत नव्हतं, उगाच म्हणायचा. रत्ना म्हणाली, आजपासून लोकांसमोर कागद हातात धरायचा नाही. आणि फॉर्मवर तिनंच लिहिलं, नववी. चौतीस वर्षं तिनं वाचलं आणि मी बोललो."

"आणि आई गेल्यावर?"

"तू पेपर वाचून दाखवतेस की. मोतीबिंदू म्हटलं तुला."

मोतीबिंदू. मी रोज सकाळी मीराला पायांवर झोपवून, तेल लावता लावता, पेपर मोठ्याने वाचायचे. त्यांच्या डोळ्यांची मला किती काळजी वाटायची.

"त्या दिवशी तो अधिकारी म्हणाला, 'वाचून पोच द्या.' समोर पंधरा माणसं. तुझ्याही हातात तसाच कागद होता. मी सही केली. घरी येऊन तुला वाचायला सांगावं तर मीराला ताप. म्हटलं, उद्या."

मीराला खरंच ताप होता. तीन दिवस होता. मी कुणाशी धड बोललेच नव्हते.

"रकाना मी सोडला, दादा," मी म्हणाले. "आईंच्या नावापुढे निरंक लिहवेना."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. रागावतील असं वाटलं.

"मीच लिहू दिलं नसतं," ते म्हणाले.

*

संध्याकाळी पक्ष कार्यालयात बैठक. बाहेर आकाशकंदील, आत दीडशे माणसं आणि पंख्यांचा नुसता आवाज. मी ठरवून गेले होते. चूक माझी आहे हे सगळ्यांसमोर सांगायचं आणि दादांना मोकळं करायचं. बाकी काही नाही. सहा वेळची आमदारकी एका कागदावरून डागाळून संपावी, आणि तो कागद माझ्या हातचा, हे मला सहन होत नव्हतं. दादांना मी तसं गाडीतच सांगितलं. ते म्हणाले, बघू.

देवेश आधीच उभा होता. "मी काही बोलणार नाही. मी फक्त एक प्रश्न विचारणार. दादा, आम्ही तुमच्यासाठी चपला झिजवल्या. वहिनींनी काय झिजवलं? तिकीट द्यायचं होतं तर सरळ सांगायचं ना, यार. ही काय पद्धत झाली?"

"ए, नीट बोल," मागून कुणीतरी.

"नीटच बोलतोय!"

मी उठले. माईक नको म्हटलं. "दादांचं प्रतिज्ञापत्र मी भरलं होतं. रकाना माझ्याकडून राहिला. सासूबाईंचा होता... माझ्याने लिहवलं नाही. दादांची यात काही चूक नाही."

बायकांच्या बाजूने कुणीतरी च्च केलं. दोघीतिघींनी डोळ्याला पदर लावला. देवेश जरा वरमला. आणि मग त्याने तोच प्रश्न विचारला, जो कुणीही विचारला असता.

"ठीक आहे वहिनी, मानलं. पण नोटीस? ती तर दादांच्या हातात होती. दोन दिवस होते. दादांनी वाचली नाही का?"

यज्ञेशनेही हेच विचारलं होतं, तरी माझी सगळी तयारी रकान्यापुरतीच होती. मी दादांकडे पाहिलं. एक वाक्य होतं. ते वाक्य बोललं की ते सुटत होते. मी श्वास घेतला, आणि त्यांनी हात वर केला. सभेत गोंगाट थांबवायला करतात तसा.

ते उठले.

"वाचली," ते म्हणाले. "दोनदा वाचली. आणि खिशात ठेवली. मुद्दाम."

नितेशच्या हातातली पाण्याची बाटली दबून कटकन वाजली.

"पक्ष सुनेला तिकीट देत नव्हता. मी म्हटलं, असं तर असं. सदुसष्ट वर्षांचा झालो. किती दिवस लढू? माझ्या डोक्यातून निघालं, माझ्या जबाबदारीवर. ज्याला राग आलाय त्याने मला शिव्या द्याव्यात, पोरीला नाही."

मला वाटलं, आता खुर्च्या फेकतील. देवेशचं तोंड उघडं होतं. आणि मग मागच्या भिंतीपासून कुणीतरी शिट्टी मारली.

"काय डाव टाकला, दादा!"

कुणीतरी हसलं. मग टाळी पडली, मग पुष्कळ. "दिल्लीवाल्यांना पण सुचलं नसतं!" "झकास, दादा!" काही माणसं उठून निघून गेली, दार आपटून. पण टाळ्या जास्त होत्या. खोटं ऐकून लोकांच्या डोळ्यांत दादा एक वीत उंच झाले होते, आणि मी त्यांच्या शेजारी उभी होते.

*

"का बोललात तसं?" गाडीत मी विचारलं. नितेश चहा घ्यायला उतरला होता.

"मग काय सांगायचं होतं?"

"खरं. लोकांनी माफ केलं असतं तुम्हाला. आणखी प्रेम केलं असतं."

"केलं असतं," ते म्हणाले. "तेच नको. डाव टाकणारा आमदार म्हणून माझं नाव ठेवतील, ठेवू दे. चौतीस वर्षं टाकलेच डाव. पण उद्या माझ्याकडे बघून कुणाला कीव आली ना, अक्षता, तर रत्नानं केलेलं सगळं फुकट गेलं." मग म्हणाले, "तुला नको असेल तर मागे घे. चार तारखेला तीनपर्यंत वेळ आहे. मी काही म्हणणार नाही."

पाडवा गेला. भाऊबीज गेली. यज्ञेश म्हणाला, तुझा निर्णय. त्याला मी काहीच सांगितलं नव्हतं. सात वर्षांच्या लग्नात पहिल्यांदा काही लपवलं. मी माघारीचा फॉर्म भरून पर्समध्ये ठेवला. मीरा अजून माझ्याशिवाय झोपत नाही. मला भाषण येत नाही. मला कुणाच्याही खोलीचा नंबर पाठ नाही.

चार तारखेला पावणेतीनला मी निवडणूक कार्यालयाच्या आवारात पोचले. एकटीच. तिथे उभी राहिले तेव्हा मला कळलं, की मी माघार घेतली तर ते वाक्य उघडं पडेल. सुनेसाठी डाव टाकला, आणि सून पळाली? मग का खिशात घातली नोटीस? पुन्हा तोच प्रश्न. पुन्हा दीडशे माणसं. एखादा हुशार माणूस विचार करत बसेल आणि त्याला उत्तर सापडेल. मी उभी राहिले तरच त्यांचं खोटं खरं ठरत होतं.

फाटकापाशी देवेश बाईकवर बसला होता. माझ्यावर नजर ठेवायलाच आला असणार. मला बघून उतरला.

"वहिनी, मागे घेताय?"

मी घड्याळ बघितलं. दहा मिनिटं होती.

"एक सांगा. खरं सांगा हां," तो म्हणाला. आवाजात आता टोमणा नव्हता, नुसतं न कळणं होतं. "मी दादांना पंचवीस वर्षं ओळखतो. दादांनी असा डाव कधी टाकला नाही. मला चार दिवस झाले तरी पटत नाहीये. खरंच मुद्दाम होतं?"

त्याच्या डोळ्यांत मी बघू शकत नव्हते, म्हणून बघितलं.

"हो," मी म्हणाले. "मला त्यांनी अर्ज भरायच्या आधीच सांगितलं होतं. मलाही पटलं नव्हतं."

माझा आवाज हललासुद्धा नाही. इतकं सोपं असतं हे मला माहीत नव्हतं. देवेशने मान डोलावली, हेल्मेट हातात फिरवत राहिला आणि शेवटी म्हणाला, "मग उद्या नऊला या ऑफिसात. डोंगरावरून सुरुवात करू. चपला साध्या घाला."

आत कुणीतरी दार लावून घेतलं. तीन वाजले होते.